कॉरोनेशन की ऑलिम्पिया? गिरगावातल्या एका जुन्या थिएटरबद्दल

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. पणजोबा गिरगावात राहायचे, घरात सगळे सांगतात की भारतातलं पहिलं सिनेमा थिएटर म्हणजे सँडहर्स्ट रोडवरचं कॉरोनेशन आणि राजा हरिश्चंद्र पहिल्यांदा तिथेच लागला. आता तुम्हाला त्यावर लेख लिहायचाय आणि शोधायला बसलात तर एकीकडे ऑलिम्पिया, दुसरीकडे कॉरोनेशन, तारीख कुठे २१ एप्रिल तर कुठे ३ मे, आणि कोणीतरी म्हणतंय की पहिला सिनेमा १९१२ चाच. मग खरं काय धरायचं?

मी आधी बरीच वर्षं प्रोजेक्शन केबिनमध्ये काम केलं, आता जुन्या थिएटरांच्या नोंदी गोळा करतो, त्यामुळे हा गोंधळ माझ्या रोजच्या ओळखीचा आहे. यातल्या तारखा जवळपास सगळ्या बरोबर आहेत. फक्त त्या वेगवेगळ्या गोष्टींच्या तारखा आहेत आणि कोणीतरी त्या एकाच वाक्यात कोंबल्यात.

आधी ऑलिम्पियाचं बघू. २१ एप्रिल १९१३ ला ग्रँट रोडच्या ऑलिम्पियात दादासाहेब फाळक्यांनी राजा हरिश्चंद्र दाखवला तो निमंत्रितांसाठी, म्हणजे शहरातली बडी मंडळी, पेपरवाले वगैरे. तिकीट काढून पब्लिकने बघितला तो ३ मे १९१३ ला, कॉरोनेशनमध्ये. म्हणजे "पहिल्यांदा दाखवला" म्हणायचं तर ऑलिम्पिया आणि "पहिल्यांदा लागला" म्हणायचं तर कॉरोनेशन. तुमच्या घरचे "लागला" म्हणतात आणि ते अगदी बरोबर आहे, कारण थिएटरच्या इतिहासात माझ्या मते तिकीटबारीवर पब्लिक उभं राहिलं तो दिवस धरावा.

१९१२ ची भानगड पण याच कॉरोनेशनची आहे. १८ मे १९१२ ला तिथे दादासाहेब तोरण्यांचा श्री पुंडलिक लागला होता आणि तो दोनेक आठवडे चालला. थिएटर चालवणारे नानासाहेब चित्रे स्वतः त्या उद्योगात तोरण्यांबरोबर होते. पण ते स्टेजवरच्या नाटकाचं चित्रण होतं, कॅमेरा चालवणारा जॉन्सन नावाचा इंग्रज होता आणि फिल्म धुवायला लंडनला पाठवली होती, म्हणून पहिला पूर्ण भारतीय कथापट म्हणून मान राजा हरिश्चंद्रला दिला जातो. आता हे बघा, वर्षभराने त्याच कॉरोनेशनने फाळक्यांच्या चित्राची जाहिरात दिली त्यात ही हिंदुस्थानात तयार झालेली पहिली फिल्म आहे असं छापलं. पुंडलिक ज्यांनी स्वतःच्या पडद्यावर लावला तेच असं म्हणतायत! मला यात लपवाछपवी वाटत नाही, त्यांच्या लेखी "तयार होणं" म्हणजे फिल्म इथल्या माणसांनी काढून इथेच धुवून छापणं, आणि त्या अर्थाने ते बरोबरच बोलत होते. तोरणे पहिले की फाळके पहिले यावर लोक अजून भांडतात, तुम्ही लेखात दोन्ही तारखा आणि हा फरक लिहिलात की पुरे, निकाल द्यायची गरज नाही.

आता त्या जाहिरातीवर जरा थांबतो, कारण थिएटर कसं चालायचं हे तिच्यातून जितकं कळतं तितकं दुसऱ्या कशातून कळत नाही. जागेचं पूर्ण नाव होतं कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफ अँड व्हरायटी हॉल, आणि त्यातला व्हरायटी हा शब्द शोभेचा नव्हता. राजा हरिश्चंद्रच्या बरोबर मिस आयरीन डेलमारचं गाणं-नाच, मॅकक्लेमेंट्स मंडळींचं विनोदी स्केच, पायांनी वस्तू झेलणारा अलेक्झांडर आणि वर टिप-टॉप नावाच्या गमतीशीर फिती असा सगळा कार्यक्रम होता. खेळ रोज चार, संध्याकाळी ६, ८, १० आणि रात्री पावणेबारा. आणि खाली सूचना, की दर नेहमीच्या दुप्पट.

याचा मी काय अर्थ लावतो बघा. १० चा खेळ सुटून पावणेबाराचा सुरू व्हायचा म्हणजे अख्खा कार्यक्रम, माणसं आत-बाहेर करण्यासकट, पावणेदोन तासात बसायला हवा. राजा हरिश्चंद्रची लांबी साधारण ३७०० फूट सांगतात, चार रिळं. ३५ मिलिमीटरच्या फिल्ममध्ये एका फुटात १६ चित्रं असतात. मूकपटाच्या काळात मशीन हाताने फिरवायचे आणि सेकंदाला साधारण १६ चित्रं हा वेग धरतात, म्हणजे एक फूट म्हणजे एक सेकंद, हिशोब एकदम सोपा. ३७०० फूट म्हणजे ३७०० सेकंद, तासाला दोन मिनिटं वर. मग नेटवर सगळीकडे ४० मिनिटं का लिहितात? कारण बोलपट आल्यावर वेग सेकंदाला २४ चित्रं ठरला, त्या वेगाने तीच ३७०० फूट फिल्म ४१ मिनिटांत संपते. तुम्ही लेखात ४० मिनिटं लिहिणार असाल तर प्लीज थांबा, कॉरोनेशनमध्ये बसलेल्या माणसाने साधारण तासभर चित्र बघितलं असणार. तेही एक आकडा पक्का धरून नाही, कारण हँडल ऑपरेटरच्या हातात, शेवटच्या खेळाला उशीर झाला असेल तर तो थोडं जोरात फिरवणार हे मी केबिनच्या अनुभवावरून सांगू शकतो.

आणि तो नाच, तो पायांनी खेळ करणारा माणूस, ते कशाला? त्या काळात बहुतेक ठिकाणी मशीन एकच असायचं. एक रीळ संपलं की पडदा पांढरा, ऑपरेटरने ते काढायचं, दुसरं ओवायचं, आर्कलँपचे, म्हणजे मशीनच्या दिव्याचे, कार्बन झिजले असतील तर नीट करायचे. तेवढ्या वेळात लोकांना काय दाखवणार? स्टेजवर माणूस आणायचा. म्हणून सुरुवातीच्या थिएटरांना पडद्यासमोर चांगलं ऐसपैस स्टेज असायचं आणि म्हणूनच नावात व्हरायटी. कोइमतूरला सामीकण्णू व्हिन्सेंट यांनी १९१४ ला थिएटर काढलं त्याचंही नाव व्हरायटी हॉलच, तिथला रस्ता अजून त्या नावाने ओळखला जातो. तर तो मिश्र कार्यक्रम म्हणजे त्या काळचा नेहमीचा रिवाज, कॉरोनेशनची काही खास टूम नव्हती.

जाहिरातीतले आकडे मात्र नुसते उचलायचे नाहीत, तपासायचे. एक उदाहरण देतो, मला ते फार आवडतं. फाळके चित्र घेऊन सुरतला गेले तेव्हा पहिल्या खेळाचे जेमतेम ३ रुपये जमले असं सांगतात, लोक म्हणायचे की नाटक सहा तास चालतं आणि हे तासाभरात संपतं, मग पैसे का द्यायचे. तेव्हा त्यांनी जाहिरात केली की ५७ हजार छायाचित्रांचा खेळ, दोन मैल लांबीचं चित्र, आणि किंमत फक्त ३ आणे. आता करा हिशोब. ५७ हजार भागिले १६, आलं साडेतीन हजार फुटांच्या थोडं वर. म्हणजे ५७ हजार हा आकडा हवेतला नाही, फिल्मच्या लांबीशी बऱ्यापैकी जुळतो. पण साडेतीन हजार फूट म्हणजे पाऊण मैलसुद्धा होत नाही, दोन मैल कुठले! एकाच जाहिरातीत एक आकडा खरा आणि त्याला चिकटून दुसरा फुगवलेला. १९१२ ला कॉरोनेशनने पुंडलिकच्या जाहिरातीत निम्म्या हिंदू मुंबईने चित्र पाहिलं, आता उरलेल्या निम्म्यांनी यावं अशा अर्थाचं छापलं होतं, त्यावरून प्रेक्षकसंख्या काढायला जाऊ नका. पण त्याच जाहिरातीतली तारीख, वेळ, दर यावर मी डोळे मिटून विश्वास ठेवतो, कारण ते चुकलं तर दारात भांडणं होतात.

राजा हरिश्चंद्र २३ दिवस चालला हे आज वाचताना किरकोळ वाटतं, पण तेव्हा कार्यक्रम आठवड्याला, कधी आठवड्यातून दोनदा बदलायचा. दुप्पट दरात २३ दिवस म्हणजे चित्र्यांना आणि फाळक्यांना दोघांनाही हायसं वाटलं असेल.

आता तुमच्या प्रश्नाचा दुसरा भाग, कॉरोनेशन भारतातलं पहिलं थिएटर का? इथे मात्र घरच्या सांगण्याला थोडी मुरड घालावी लागेल. "पहिलं" कशाच्या हिशोबाने त्यावर सगळं अवलंबून आहे. पडद्यावर पहिल्यांदा हलती चित्रं दिसली ती ७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात, लुमिएर बंधूंच्या माणसाने दाखवली, तिकीट १ रुपया. पण ते हॉटेल. आठवडाभराने खेळ नॉव्हेल्टी थिएटरात गेला, तिथे ४ आण्यांपासून २ रुपयांपर्यंत दर लावले आणि पडदानशीन बायकांसाठी वेगळे बॉक्स ठेवले, पण ती नाटकाची जागा. नंतरची कितीतरी वर्षं तंबूंची. अब्दुलअली युसुफअली यांच्यासारखी माणसं तंबू, मशीन, फिल्मच्या पेट्या घेऊन देशोदेशी हिंडली. कायम सिनेमाच दाखवणारी पक्की जागा म्हणून बहुतेक जण कलकत्त्याचं जमशेदजी मदन यांचं एल्फिन्स्टन पिक्चर पॅलेस सांगतात, १९०७ चं, जे पुढे मिनर्व्हा झालं, मग चॅप्लिन झालं. मुंबईतसुद्धा फाळक्यांना ज्या ख्रिस्तपटाने झपाटलं तो त्यांनी पाहिला गिरगावातल्याच अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये, म्हणजे राजा हरिश्चंद्रच्या आधी गिरगावात सिनेमाची वेगळी जागा होतीच. तेव्हा कॉरोनेशनला देशातलं पहिलं थिएटर म्हणू नका. भारतीय माणसाने बनवलेला कथापट जिथे पहिल्यांदा पब्लिकला तिकिटावर बघायला मिळाला ते थिएटर म्हणा. हा मान काही लहान नाही, आणि मुख्य म्हणजे यावर कोणी बोट ठेवू शकणार नाही.

मी कुठलंही जुनं थिएटर हातात घेतलं की तीन वह्या वेगळ्या करतो, एक इमारतीची, एक नावाची, एक चालवणाऱ्याची. या तिघांचे जन्म-मृत्यू वेगवेगळे असतात आणि निम्मे घोळ त्या एकत्र केल्यामुळे होतात. रॉयल ऑपेरा हाउस घ्या, १९११ ला पंचम जॉर्जने उद्घाटन केलं ते नाटका-ऑपेराच्या इमारतीचं, सिनेमा नंतर शिरला. व्हीटीसमोरचं कॅपिटॉल, इमारत १८७९ ची, तेव्हा नाव गेइटी. पुण्याचं प्रभात, आमच्या पिढीला प्रभात म्हणूनच माहीत, पण मालक सरदार किबे, आणि भाडेकरार संपल्यावर परत किबे लक्ष्मी झालं. इमारत तीच, नाव वेगळं. याउलट नाव तेच ठेवून इमारत पाडून नवी बांधली अशीही थिएटरं आहेत.

चालवणाऱ्याची वही सगळ्यात जास्त कामाची आणि तीच लोक उघडत नाहीत. मगाशी तंबूवाले युसुफअली म्हणालो ना, त्यांनी १९१४ ला अर्देशीर इराणींबरोबर मुंबईतलं अलेक्झांड्रा थिएटर घेतलं, मग चार वर्षांनी दोघांनी मिळून मॅजेस्टिक बांधलं, आणि त्याच मॅजेस्टिकमध्ये १४ मार्च १९३१ ला इराणींचाच आलम आरा, पहिला बोलपट, लागला. तंबूपासून बोलपटापर्यंतचा पूर्ण धागा दोन माणसांच्या मागे जाऊन मिळतो, तंबू आणि दोन थिएटरं यांच्या मागे वेगवेगळं धावलात तर तो दिसत नाही. कॉरोनेशनमध्येही पुंडलिक आणि हरिश्चंद्र यांना जोडणारा माणूस चित्रे आहेत. तुमच्या लेखात त्यांना चांगला एक परिच्छेद द्या, फार कमी जण देतात.

जागा शोधताना एक खड्डा आहे तो सांगतो. सँडहर्स्ट रोड म्हटलं की आज सगळे रेल्वे स्टेशनकडे, डोंगरीच्या बाजूला जातात. तो रस्ता लांबलचक होता, तिथून पश्चिमेला थेट गिरगावाकडे यायचा, आता त्याचं नाव सरदार वल्लभभाई पटेल रोड. कॉरोनेशन होतं ते गिरगावातल्या तुकड्यावर. तसंच ग्रँट रोड हा रस्ता म्हणजे आताचा मौलाना शौकत अली रोड. जुना पत्ता वाचताना आधी रस्त्याचं आजचं नाव लावून घ्या आणि मग नकाशा उघडा. कॉरोनेशनची इमारत आज उभी नाही, तेव्हा दर्शनी भागाचा फोटो काढायला बाहेर पडू नका, जुने छापील नकाशे आणि डिरेक्टऱ्या चाळा.

तुमच्या भागातलं दुसरं एखादं थिएटर घेणार असाल आणि त्याची इमारत अजून असेल, तर केबिन नक्की बघा. जुनी नायट्रेट फिल्म भयंकर पेटायची, पाण्यानेसुद्धा विझायची नाही, म्हणून केबिन वेगळी, जाड भिंतींची, जिना बाहेरून, आणि हॉलकडच्या छोट्या खिडक्यांना लोखंडी झापा. हे सगळं मूळ बांधकामात मिसळलेलं दिसलं तर ती इमारत सिनेमासाठीच बांधलीय असं समजायला हरकत नाही, आणि मागच्या बाजूला चिकटवल्यासारखं दिसलं तर आधी तिथे नाटकं होत असण्याची शक्यता जास्त. अपवाद असतात, पण पहिला अंदाज यावरून चांगला येतो.

कागद कुठे मिळतील? सिनेमॅटोग्राफ कायदा १९१८ चा, मुंबईत सेन्सॉर बोर्ड १९२० ला आलं, आणि मुंबई इलाख्यात करमणूक कर १९२३ पासून. म्हणजे विशीच्या दशकापासून पुढे थिएटरांचे सरकारी कागद वाढत जातात, राज्य अभिलेखागारात खेटे घालायची तयारी ठेवा. १९२७-२८ ला सिनेमाधंद्याची चौकशी करणारी सरकारी रंगाचारियर समिती झाली तिच्या साक्षींचे छापील खंड आहेत, त्यात थिएटरवाले स्वतःच्या तोंडाने दर, वर्ग, पब्लिक याबद्दल बोलतात, मजा येते वाचायला. पण कॉरोनेशन त्याच्या आधीचं, त्यासाठी पेपरच. १९१२-१३ चा टाइम्स बघा, मे १९१३ चा बॉम्बे क्रॉनिकल बघा, मराठी पेपरांच्या फायली मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात विचारा. एकच तारीख नका बघू, आधीचे-नंतरचे दोन महिने सलग उलटा. थिएटर कधी सुरू झालं यापेक्षा त्याची जाहिरात कधीपासून अचानक बंद झाली हे जास्त वेळा महत्त्वाचं निघतं, कारण तिथे भाडेकरार संपलेला असतो नाहीतर नाव बदललेलं असतं.

आता इथवरचं तुमच्या लेखापुरतं जुळवलं तर एवढं लिहिता येईल: २१ एप्रिलला ऑलिम्पियात निमंत्रितांचा खेळ, ३ मेला कॉरोनेशनमध्ये जाहीर खेळ, वर्षभर आधी तिथेच पुंडलिक, आणि देशातलं पहिलं थिएटर हा दावा काढून टाकायचा.

राहिली पणजोबांची आठवण. ती फेकू नका, फक्त कुठल्या थिएटरची आहे हे बघा. घरातल्या सगळ्यात वयस्कर माणसाला "कॉरोनेशनला गेले होते का" असं विचारू नका, हो म्हणतील. "पणजोबा त्या खेळाबद्दल काय सांगायचे" असं मोकळं विचारा. पडद्यावर गाणी ऐकली, लोक तिकिटासाठी रस्ताभर उभे होते असं काही आलं तर ती बहुधा बोलपटाची, कदाचित मॅजेस्टिकची आठवण आहे, तेही गिरगावातलंच, आणि साठ-सत्तर वर्षांनी दोन थिएटरं डोक्यात एक होणं अगदी साहजिक आहे. टॉकीज हा शब्द आला तरी तेच, १९१३ ला कोणी टॉकीज म्हणत नव्हतं. पण जर चित्राच्या मध्येच गोरी बाई नाचून गेली, कोणीतरी पायांवर वस्तू फिरवत होता, पडद्यावर येणाऱ्या लेखी पाट्या वाचून दाखवायला शेजारी कोणी बसलं होतं, असं काही निघालं, तर लगेच लिहून घ्या, कोणी सांगितलं आणि कोणाकडून ऐकलं तेही. कारण असे तपशील कल्पनेने सुचत नाहीत.

आणि माळ्यावर किंवा ट्रंकेत जुनं हँडबिल, तिकिटाचा तुकडा, काहीही सापडलं तर त्याला सेलोटेप लावू नका, घडी जबरदस्तीने उघडू नका. दोन्ही बाजूंचा नीट उजेडात फोटो काढा, कडेच्या बारीक अक्षरासकट. छापखान्याचं नाव बहुतेक तिथेच खाली असतं आणि हँडबिलावर साल नसलं तरी छापखान्यावरून साल ठरवता येतं. फोटो इथे टाका, मी बघतो.